फळीखालचे कीचक

गावचं घर उतरवलं तेव्हा मी तिथून एकच वस्तू मागून घेतली, स्वयंपाकघरातली सागवानी फळी. साडेतीन फूट लांब, इंचभर जाड. वरच्या अंगाला बरण्यांची वर्तुळं उमटलेली. त्यातलं सर्वांत मोठं तेलाच्या बरणीचं, काळपट. दीड वर्ष ती आमच्या चौथ्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये कपाटामागे उभी होती. अवघडलेल्या पाहुण्यासारखी. बस म्हणावं तर जागा नाही, जा म्हणावं तर जीव होत नाही.

त्या घराच्या भिंती दगडमातीच्या, दीड हात रुंद. कोनाडे त्यांच्या पोटातच असत. दिव्याची देवळी वेगळी, आजोबांच्या चष्म्याचा कोनाडा वेगळा, दारालगतचा किल्ल्यांचा. फळीलाही कधी खिळा लागला नाही. भिंत रचतानाच तिच्यात रोवलेल्या दोन जाड खुंट्यांवर ती नुसती टेकलेली असे. आमच्या फ्लॅटमधली आतली भिंत अर्ध्या विटेची, साडेचार इंचांची. तिला पोट कुठलं? तिला बाहेरून धरूनच राहावं लागतं.

धरायला ब्रॅकेट आणले. शाळेत आम्ही ब्रॅकेटला कंस म्हणत होतो. जुन्या दगडी देवळात खांबाच्या माथ्यावर पोट सुटलेले, हात वर करून तुळई पेलणारे ठेंगू असतात, त्यांना कीचक म्हणतात. एक मथुरेचा, दुसरा विराटाघरचा. मराठीने आधाराच्या कामाला नेमकी दुष्टांचीच नावं दिली याची मला फार गंमत वाटते. आयुष्यभर ओझं वाहा, हीच शिक्षा असावी.

दुकानदार म्हणाला, "काका, लांब बाजू भिंतीला, आखूड फळीला. उलटं लावू नका." कारण घरी आल्यावर उमगलं. फळीवर वजन आलं की ब्रॅकेट खालच्या टोकावर रेलतो आणि वरचा स्क्रू भिंतीतून बाहेर ओढला जातो. खरी झुंज त्या एकट्या वरच्या स्क्रूची, खालचा जवळपास साक्षीला. भिंतीवरची बाजू जितकी लांब, तितकी वरची ओढ कमी. ब्रॅकेट अगदी टोकांना लावायचे नाहीत, हेही कळलं. दोन आधारांमधलं अंतर दुप्पट केलं आणि फळी तशीच गच्च भरली, तर मधला झोल दुप्पट होत नाही, 16 पट होतो. म्हणून दोन्हीकडे पाचवा हिस्सा बाहेर सोडून खुणा केल्या.

भोकाखाली जुनं पाकीट उघडून चिकटवलं आणि ड्रिल लावलं. आधी पुट्टीची पांढरी पूड आली, मग प्लास्टरची करडी, मग विटेची लाल. लाल दिसली की जीव भांड्यात पडायचा. तिसऱ्या भोकात मात्र ड्रिल एकदम भसकन आत गेलं. दोन विटांमधला सांधा पोकळ निघाला. गिट्टी ठोकली तर ती स्क्रूबरोबर गरगर फिरू लागली. वडील असते तर त्यांनी काडेपेटीच्या काड्या कोंबल्या असत्या. मीही कोंबल्या, आणि मग लाजून सगळ्या खुणा दीड इंच सरकवल्या.

या गिट्टीला जुने वायरमन अजून रावळ प्लग म्हणतात. रॉलिंग्ज या इंग्रज कंत्राटदाराला लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये भिंती विद्रूप न करता विजेची उपकरणं बसवायची होती. 1911 च्या सुमारास त्याने तागाच्या धाग्यांना जनावराच्या रक्ताने चिकटवून ही गुंडाळी केली. नायलॉनची गिट्टी जर्मनीच्या आर्टुर फिशरने 1958 मध्ये काढली. त्याआधी भिंतीत चौकोनी खड्डा खोदून लाकडी गुटका ठोकत. युक्ती साधी आहे. स्क्रू आत शिरतो तशी गिट्टी फुगते आणि विटेला आतून रेटून बसते. सगळा भार त्या न दिसणाऱ्या रेट्यावर.

फळी चढली. नळीतल्या पाण्याने पातळी पाहिली, दोन्हीकडे सारखी. तरी बायको म्हणाली, "तिरकी वाटते." पुन्हा पाहिलं. फळी सरळच होती, खालची टाइल्सची रेघ कलती होती. इतकी वर्षं आम्ही त्या रेघेला सरळ समजत होतो.

पहिला दिवस फळी रिकामी ठेवली. येता-जाता तिच्यावर तळवा दाबून पाहत होतो. भिंतीवर विश्वास ठेवायला मला एक रात्र लागली. दुसऱ्या दिवशी डबे मांडले.

तेलाची बरणी आता नाही. तिच्या वर्तुळावर मिठाचा डबा ठेवला आहे. वर्तुळ त्याच्याभोवती चहूकडून दोन बोटं जास्तच दिसतं.