समुद्र किती दूर?

आमच्या बाजूच्या माणसाला समुद्र भेटतो तो आधी शाळेच्या पुस्तकात, मग सिनेमात आणि फार झाले तर लग्नानंतर मुंबईत. धाराशिवहून सरळ रेघ ओढली तरी पश्चिमेचा किनारा तीनशे किलोमीटरवर राहतो, आणि वाट काही सरळ रेघेने जात नाही. मधे भीमा आहे, मधे सह्याद्री आहे. माझ्या आईने जन्मात समुद्र पाहिला नाही. पंढरपुरी चंद्रभागेला आलेला पूर तिने एकदा पाहिला होता, आणि त्यानंतर कशाचेही अफाटपण सांगायचे झाले की ती ‘समिंदरावानी’ म्हणायची. पाहिलेल्या वस्तूला न पाहिलेल्या वस्तूची उपमा देण्यात तिला काही वावगे वाटत नसे.

आपण लांबचे आहोत ही समजूत अशी आमच्या हाडीमांसी खिळलेली आहे. मुंबईपासून लांब, पुण्यापासून लांब, आणि पुष्कळ वर्षी पावसापासूनही लांब. ‘मागास’ आणि ‘अवर्षणप्रवण’ हे दोन शब्द सरकारी कागदांतून ऐकून ऐकून आम्हांला आमच्या आडनावासारखे वाटू लागले आहेत. गेल्या पौषात ही समजूत आमच्या घरात आठ एकर जमिनीच्या विक्रीपर्यंत येऊन ठेपली. म्हणून तिच्याविषयी चार शब्द लिहावेसे वाटतात.

माझा पुतण्या इटलीत मिलानला इंजिनिअर आहे. महिनाभराच्या रजेवर तो बायकोसह गावी आला. येताना वडिलांना स्वेटर, आईला शाल आणि घरासाठी म्हणून वाइनची एक बाटली घेऊन आला. माझे थोरले बंधू, ज्यांना मी दादा म्हणतो आणि तो आबा म्हणतो, पन्नास वर्षांचे माळकरी. वहिनींनी बाटली मुकाट्याने देवघरापासून दूर, ओसरीवरच्या कोनाड्यात ठेवून दिली.

बाटलीमागची हकीकत त्याने रात्री सांगितली. नेपल्स शहरातून सकाळी बस निघते. बरोबर एक वाटाड्या असतो. तो समुद्रकाठची जुनी गावे दाखवतो: इ. स. ७९ मध्ये व्हेसुव्हिअस ज्वालामुखीच्या राखेत गाडले गेलेले पाँपेई, कड्यावर वसलेले सोरेंटो. दुपारी त्याच ज्वालामुखीच्या उतारावरच्या द्राक्षमळ्यात नेतात आणि चार पेल्यांतून चार प्रकारची वाइन चाखायला देतात. तिथल्या एका वाइनचे नावच ‘ख्रिस्ताचे अश्रू’ असे आहे. चाखण्याची रीतही ठरलेली. पेला हलवायचा, वास घ्यायचा, घोट जिभेवर फिरवायचा आणि हवा तर थुंकून टाकायचा.

“थुकायचा?” दादा म्हणाले. “मग पैसे कशाचे घेत्यात?”

सगळे हसले. मग पुतण्या एकदम गंभीर झाला आणि मनातले बोलला. “तिथं दोन हजार वर्षांचं काहीतरी पायाखाली आहे, म्हणून माणसं जगभरातून येतात. आपल्या इथं काय आहे, काका? कोण येणार इथं? आबांनी आता कुणासाठी राबायचं? जमीन विकू, तुम्हां दोघांना पुण्यात फ्लॅट घेऊन देतो. मलाही येणं-जाणं सोपं.”

त्यात लबाडी नव्हती, प्रेमच होते. म्हणूनच दादांना उत्तर सुचेना. ते एवढेच म्हणाले, “तू म्हणशील तसं.” वहिनी उठून आत गेल्या. मी म्हटले, “विकायची ती विका. पण तू वाटाड्याला पैसे देऊन एक दिवस फिरलास, तसा एक दिवस मला दे. उद्या तेरला जाऊ.”

तेर हे धाराशिवपासून जेमतेम तासाभराच्या वाटेवरचे, तेरणा नदीच्या काठचे गाव. आम्ही पाच जण गाडीतून गेलो. दोन्ही बाजूंना ज्वारी पोटऱ्यात आली होती. वाटाड्या म्हणून माझ्या ओळखीचे एक निवृत्त गुरुजी नाक्यावर उभे होते. त्यांनी पुतण्याचे कौतुकाने स्वागत केले आणि विचारले, “आधी काय बघायचं? कुंभार का सावकार?”

दादांनी उत्तर दिले, “आधी काका.”

काका म्हणजे गोरोबाकाका. ज्ञानेश्वर-नामदेवांच्या मेळ्यातले वडीलधारे संत गोरा कुंभार याच गावचे, आणि त्यांची समाधी इथेच नदीकाठी आहे. संतांच्या मेळ्यात थापटणे घेऊन एकेकाच्या डोक्यावर मारून कोणते मडके भाजले आणि कोणते कच्चे हे त्यांनी सांगितले, आणि नामदेव कच्चे ठरले, ही कथा कुणाला ठाऊक नाही? दादा समाधीपुढे बराच वेळ बसले. माझ्या मते त्या दिवशी त्यांचे तेर तिथेच पाहून झाले होते. पुढचे सारे ते मुलासाठी चालले.

तिथून आम्ही त्रिविक्रमाच्या देवळात गेलो. हे देऊळ विटांचे आहे आणि त्याची पाठ हत्तीच्या पाठीसारखी गोल आहे. हेन्री कझिन्स यांनी गेल्या शतकाच्या आरंभी ते पाहिले आणि मुळात हा बौद्धांचा चैत्य असला पाहिजे असे मत दिले. आज आत वामनावतारातला त्रिविक्रम उभा आहे. पुतण्याने भिंतीवर तळहात ठेवला आणि म्हणाला, “एवढं जुनं असेल असं कधी वाटलंच नव्हतं. लहानपणी इथं येऊन आम्ही लपंडाव खेळलोय.”

मग रामलिंगप्पा लामतुरे यांच्या नावाचे सरकारी वस्तुसंग्रहालय. लामतुरे हे तेरचे व्यापारी. पावसाळ्यात पांढरीची माती वाहून गेली की गावात मणी, नाणी, मातीच्या मूर्ती वर येत. इतरांनी ज्या पायाखाली तुडवल्या त्या या गृहस्थांनी वेचून घरात जपल्या, आणि त्यांच्या त्या संग्रहातून हे संग्रहालय उभे राहिले. काचेमागे हस्तिदंताची एक छोटी स्त्रीमूर्ती आहे. गुरुजींनी पुतण्याला विचारले, “पाँपेईला गेला होतात ना तुम्ही? तिथं १९३८ साली राखेतून हस्तिदंताची अशीच एक बाई निघाली. ती इकडची, भारतातली. आता नेपल्सच्या संग्रहालयात आहे. भेटली का?”

पुतण्याला ती भेटली नव्हती. वाटाड्याने तिथे नेलेच नव्हते.

गुरुजी मग तिथेच एका बाकावर टेकले आणि त्यांनी सांगितले ते मी थोडक्यात सांगतो. इसवी सनाच्या पहिल्या शतकात इजिप्तमधल्या कुणा ग्रीक व्यापाऱ्याने समुद्रावरच्या व्यापाराची एक वही लिहिली. तिला ‘पेरिप्लस’ म्हणतात. लेखकाचे नाव उरले नाही, माहिती उरली. त्यात तो भडोचविषयी लिहिताना म्हणतो की, इथून दक्षिणेला वीस दिवसांच्या वाटेवर पैठण आहे, आणि पैठणहून पूर्वेला दहा दिवसांच्या वाटेवर तगर नावाचे फार मोठे शहर आहे. तगरहून पुष्कळसे जाडेभरडे कापड आणि तऱ्हेतऱ्हेची मलमल गाड्यांवर लादून, धड रस्ते नसलेल्या मुलखातून, भडोचला येते. हे तगर कोणते यावर विद्वानांनी पुष्कळ वाद केला. कुणी दौलताबाद म्हटले, कुणी जुन्नर, खुद्द भांडारकरांनी धारूर म्हटले. १९०१ साली फ्लीट यांनी तगर म्हणजे तेर हे दाखवून दिले, आणि पुढे १९५८ मध्ये व नंतरही इथे खणले तेव्हा मातीने तीच साक्ष दिली.

“आणि भडोचला बोटीतून काय उतरायचं, ठाऊक आहे?” गुरुजी म्हणाले. “त्या वहीत यादीच आहे. तांबं, कथील, शिसं, पोवळं. पण यादीत पहिलं नाव वाइनचं. त्यातही इटलीची जास्त खपायची. राजासाठी उंची वाइन निराळी. तुम्ही घरी आणली म्हणून तुमच्या आई नाराज झाल्या असतील, पण तुम्ही काही नवीन केलं नाही!”

वाइन येई ती दोन कानांच्या, निमुळत्या बुडाच्या मातीच्या उंच घागरींतून. आतून त्यांना राळेचा लेप असे. तशा घागरींची खापरे गोदावरीच्या खोऱ्यात नेवाशाला सापडली आहेत. पश्चिम भारतात इटलीची म्हणून जपलेली पुष्कळ खापरे अलीकडे तपासली तेव्हा ती इराणच्या आखाताकडची निघाली. म्हणजे सगळीच वाइन रोमची नव्हे. तेवढ्याने वाट खोटी ठरत नाही, उलट तिला आणखी एक फाटा फुटतो.

दादा इतका वेळ गप्प होते. त्यांनी विचारले, “पैठण किती दिसावर म्हणला त्यो?”

“दहा दिवस.”

दादांनी बोटांच्या पेरांवर अंगठा फिरवला. “बरुबर हाय. नाथषष्ठीला दिंडीत मी तीनदा चालत गेलोय. सामानाची बैलगाडी संगं असायची. भरल्या गाडीला बैल दिसाला सहा कोसाच्या वर जात न्हाईत. नऊ मुक्काम पडायचे आन् धाव्या दिशी पैठण. मानूस खरं बोलतोय.”

इतक्या पंडितांनी इतका वाद घातला, पण त्या ग्रीकाचा हिशेब आमच्यादेखत पायांनी तपासून पाहिलेला माणूस हा एकच. पुतण्या वडिलांकडे पाहत राहिला. “पूर्वेला म्हणाला तेवढं चुकलं,” तो हळूच म्हणाला, “आपण पैठणच्या आग्नेयेला आहोत.” “दिशा चुकू दे,” दादा म्हणाले, “मुक्काम चुकला न्हाई.”

माझ्या मनात मात्र दुसरीच गोष्ट घोळत होती. तेरहून कल्याण, चौल ही बंदरे भडोचपेक्षा कितीतरी जवळ. मग गाड्या महिनाभर चालून भडोचला का गेल्या? त्याच वहीत याचे उत्तर आहे. कल्याण पूर्वी खुले बंदर होते, पण राजकारण बदलले आणि तिथे चुकून आलेली ग्रीक जहाजे पहाऱ्यात भडोचला नेली जाऊ लागली. म्हणजे जवळचा समुद्र बंद झाला, तेव्हा लांबचा समुद्र गाठला. भडोचहून जहाज तांबड्या समुद्रात, तिथून उंटावरून नाइलपर्यंत, नाइलमधून अलेक्झांड्रियाला, आणि तिथून पुन्हा जहाजाने नेपल्सच्या आखातातल्या पुतेओली बंदरात. माझ्या पुतण्याची सहलीची बस ज्या शहरातून निघाली, ते या बंदराच्या शेजारचे. त्या वाटेच्या या टोकाला माग होते आणि मागावर आमच्यासारखीच माणसे बसलेली होती. आपण समुद्रापासून लांब आहोत असे त्यांना वाटत असेल काय? पलीकडे कुणीतरी आपल्या कापडाची वाट पाहत आहे एवढे त्यांना ठाऊक होते, आणि तेवढे ठाऊक असले की महिनाभराची वाटही वाट असते.

आणखी एक गोष्ट सांगतो. पुढे कोकणात राज्य करणारे शिलाहार राजे आपल्या ताम्रपटांत स्वतःला ‘तगरपुरवराधीश्वर’ म्हणवीत. ठाण्यासारखे बंदर हाताशी असताना हे राजे तेरणेकाठच्या गावाचे नाव अभिमानाने मिरवीत होते. आणि आम्ही?

उलट बाजूही लिहिली पाहिजे. उंची वाइन राजाच्या पेल्यात गेली. विणकराला ती चाखायला मिळाली असेल असे मला वाटत नाही. व्यापार आटला तेव्हा शहराचे खेडे झाले. जुने वैभव सांगून आजच्या सोयाबीनला भाव मिळत नाही आणि विहिरीला पाणी लागत नाही. पुतण्याची अडचण खरी होती आणि तेर पाहून ती सुटली नाही.

परतताना त्याने गाडीतच विषय काढला. “आबा, मी काय करू ते तुम्हीच सांगा.”

दादा थोडा वेळ खिडकीबाहेर पाहत होते. मग म्हणाले, “इक, न्हाईतर ठिव. मी आडवा येनार न्हाई. माझ्यानं होत न्हाई म्हनून इक, परवडत न्हाई म्हनून इक. पर लई लांब हाय, हितं कोन येतंय, म्हनून इकू नको. आपन काय आज लांब झालो न्हाई.”

यावर कुणी काही बोलले नाही. ढोकीच्या पुढे वहिनींनी गाडी थांबवून एका ओळखीच्या रानातून हुरडा घेतला. सूनबाईंनी तो आयुष्यात पहिल्यांदा खाल्ला आणि मिलानच्या मैत्रिणींना दाखवायला त्याचा फोटो काढला.

जमीन अजून विकलेली नाही. यंदा शेजाऱ्याला बटईने दिली आहे. पुढच्या वर्षी काय होईल ते मी सांगू शकत नाही. पुतण्या निघाला त्या दिवशी त्याचे सामान वजनात बसेना. वहिनींनी जुन्या लुगड्यांची शिवलेली गोधडी तीन किलोंची होती. सूनबाई म्हणाल्या, “तिकडं पांघरुणं आहेत, आई.” पुतण्याने बॅग उघडली, आपले बूट आणि दोन कोट बाहेर काढले आणि गोधडी दाबून आत बसवली. दुसऱ्या दिवशी रात्री मिलानहून फोन आला, पोचलो म्हणून. दादांनी पेरे मोजली नाहीत. फक्त विचारले, “कापड भिजलं न्हाई न्हवं?”