वारांचे बालवाङ्मय

ज्याला अद्याप घड्याळ वाचता येत नाही आणि तारखेशी ज्याचे काही देणेघेणे नाही, अशा चार वर्षांच्या मुलाला 'आज मंगळवार आहे' असे सांगणे म्हणजे त्याला एक बिनबुडाचा हुकूम ऐकवणेच होय. कारण मंगळवाराच्या अंगावर तो मंगळवार असल्याची कसलीही खूण नसते, सूर्य सोमवारच्याच दिशेला उगवलेला असतो, दूध सोमवारच्याच पातेल्यात तापत असते, आणि चंद्राची कला जशी तिथीची साक्ष देते तशी वाराची साक्ष देणारे सृष्टीत काहीही नसते. वर्ष सूर्याने मुकर्रर केले, महिना चंद्राने. आठवडा मात्र सर्वस्वी मनुष्याच्या दप्तरातला. तेव्हा वार मुलाच्या पदरात घालायचा तर तो नुसता सांगून भागत नाही. त्याच्या हातात काहीतरी ठेवावे लागते, आणि हे ठेवण्याचे काम वारांच्या पुस्तकांकडे आले.

यांतील बहुसंख्य पुस्तके, स्पष्टच बोलायचे तर, हजेरीपटाच्या योग्यतेची असतात. सोमवारी धुणे, मंगळवारी इस्त्री, बुधवारी आणखी काही, अशी रविवारपर्यंत सर्वांची हजेरी लागली की पुस्तक मिटते आणि मूल जांभई देते. इंग्रजी बालगीतांतला तो सॉलोमन ग्रंडी (हॅलिवेलने 1842 साली त्याची नोंद केली) निदान एवढा तरी धीट आहे की सोमवारी जन्म, बुधवारी लग्न आणि रविवारी मूठमाती असा सबंध आयुष्याचा जमाखर्च तो एका आठवड्यात मिटवतो. आणि मुले त्यावर खदखदा हसतात, कारण मृत्यूपेक्षा त्यांना त्या घाईची मौज वाटते.

आपल्याकडे वारांचे पहिले सचित्र पुस्तक बहुधा पुस्तक नव्हतेच. तो होता श्रावणात देवघराच्या भिंतीवर चिकटवला जाणारा जिवतीचा कागद. त्या एका पानावर शनिवारचा नरसिंह खांबातून प्रकट होत असे, शुक्रवारच्या जिवतीभोवती मुलांचा गराडा असे, आणि खाली बुधाचा हत्ती व बृहस्पतीचा वाघ शेजारीशेजारी असे काही बेमालूम चालत की बुधवारनंतर गुरुवार येतो हे कोणी शिकवण्याचे कारणच उरत नसे. त्या दोघांची कहाणीही मोठी मार्मिक आहे: हे मामाभाचे दारी भिक्षेला आले की घरच्या सुना हात रिकामे नसल्याचा जाबसाल देत, आणि पुढे दारिद्र्य आले तेव्हा हात खरोखरच रिकामे झाले. शब्द फिरून अंगावर कसा येतो हे ऐकणाऱ्या पोराला कळो न कळो, बुधवारी दारी आलेल्याला विन्मुख पाठवू नये एवढे मात्र त्याच्या मनात पक्के बसे. आणि सोमवार? घरातली नवी सून पहिल्या सोमवारी महादेवाला तांदळाची मूठ वाही, दुसऱ्या सोमवारी तिळाची, तिसऱ्याला मुगाची, चौथ्याला जवाची, आणि पाचवा सोमवार आलाच तर सातूची. तिच्या पदराशी घोटाळणाऱ्या पोराच्या तळहातावर दोनचार दाणे पडत, आणि गेला सोमवार व हा सोमवार यांतला भेद त्याला बोटांनी कळे.

मंगळवारनंतर बुधवारच का, हा प्रश्न मात्र ना जिवतीचा कागद सोडवतो ना कोणते पुस्तक. उत्तर ज्योतिषाच्या कारभारात आहे. मंदगतीपासून शीघ्रगतीपर्यंत शनि, गुरु, मंगळ, रवि, शुक्र, बुध, चंद्र अशी ग्रहांची रांग लावून अहोरात्राच्या चोवीस होरा त्यांना क्रमाने वाटून दिल्या, तर सातासातांचे तीन फेरे होऊन तीन होरा उरतात, आणि म्हणून दुसऱ्या दिवसाची पहिली होरा रांगेतल्या चौथ्या ग्रहाकडे जाते: शनीनंतर रवि, रवीनंतर चंद्र, चंद्रानंतर मंगळ. हिशेब चोख आहे. पण चार वर्षांच्या मुलापुढे तो मांडू पाहणाऱ्या पित्याची मला दया येते.

या सर्व प्रकारात ज्याची सनद सर्वांत भक्कम, ते पुस्तक अमेरिकेत 1969 साली निघाले: एरिक कार्ल यांचे खादाड सुरवंटाचे. त्याचा उगम मोठा गमतीचा आहे. कागदांच्या चळतीला भोके पाडण्याच्या यंत्राशी खेळता खेळता कार्लना त्या भोकांत पुस्तकातली कसर दिसली, आणि विली नावाच्या एका किड्याचा आठवडा असे काहीसे पुस्तक त्यांनी योजले. संपादिका ॲन बेनेड्यूस यांना तो किडा काही रुचला नाही, त्यांनी सुरवंट सुचवला, आणि त्यासरशी शेवटचे फुलपाखरूही कार्लना सापडले. असली भोकांची, कमीअधिक रुंदीची पाने अमेरिकेतल्या छापखान्यांना परवडेनात, म्हणून ते पुस्तक जपानात छापावे लागले. सोमवारचे पान एका सफरचंदापुरतेच रुंद. त्यामागून मंगळवारच्या दोन नासपतींचे थोडे अधिक रुंद, मग तीन आलुबुखार, चार स्ट्रॉबेऱ्या, आणि शुक्रवारची पाच संत्री. प्रत्येक फळाला आरपार भोक, आणि त्यात मुलाचे बोट. आठवडा पुढे सरकतो तसे पान रुंदावत जाते, त्यामुळे वाचता न येणाऱ्यालाही शुक्रवार हा सोमवारपेक्षा उशिराचा हे नुसते चाचपून समजते. परंतु कार्लची खरी करामत शनिवारची आहे. सहा वस्तूंची अपेक्षा करून बसलेल्या मुलापुढे ते एकदम दहा मांडतात, केक, आइस्क्रीम, लोणच्यातली काकडी, चीज, सॉसेज, कलिंगडाची फोड, काय वाटेल ते! आणि रात्री सुरवंटाचे पोट दुखते. हजेरीपट लिहिणाऱ्याने सहा पेरू काढून वेळ मारून नेली असती. कार्लना ठाऊक होते की सवय लावावी ती मोडण्यासाठीच, आणि मोडलेलाच दिवस मुलाच्या ध्यानात राहतो.

रविवारी सुरवंट एकच हिरवे पान खातो आणि त्याला बरे वाटते. एड यंग यांच्या 1992 च्या पुस्तकात, आपल्या अंधगजन्यायातले आंधळे जेथे सात रंगांचे उंदीर झाले आहेत, तेथेही सहा दिवसांत सहा उंदीर खांब, साप, भाला असे सहा भलतेच निष्कर्ष घेऊन परततात आणि हत्ती सापडतो तो रविवारी, सबंध अंगावरून धावून आलेल्या पांढऱ्या उंदराला. रविवारला असा वेगळा मान देताना या लेखकांना फारसे कष्ट पडले नसावेत; त्यांच्या समाजात तो मान शतकानुशतके चालत आलेला होता. मुंबईच्या गिरणगावात मात्र तो भांडून मिळवावा लागला. नारायण मेघाजी लोखंडे यांनी 1884 पासून त्यासाठी अर्ज केले, सभा भरवल्या, रविवार हा खंडोबाचा वार असेही बजावले, आणि 10 जून 1890 रोजी गिरणीमालकांनी रविवारची सुटी मंजूर केली. त्या दिवसापूर्वीच्या गिरणी कामगाराच्या मुलाला रविवारचे ते हिरवे पान दाखवले असते, तर त्यात विशेष काय, असेच त्याने विचारले असते.

कार्लच्या पुस्तकात एक खोच मात्र राहून गेली आहे. पोटभर खाऊन लठ्ठ झालेला सुरवंट कोशात शिरतो आणि दोन आठवड्यांहून अधिक काळ तेथे राहतो. इतका वेळ दिवसादिवसाचा हिशेब ठेवणारे पुस्तक तेथे एकाएकी मोघम बोलू लागते, आणि फुलपाखरू कोणत्या वारी बाहेर आले याचा उल्लेखच करीत नाही. मोठ्यांच्या हे ध्यानातही येत नाही. आमच्या नात्यातल्या एका पाच वर्षांच्या वाचकाने मात्र शेवटचे पान उलटू देण्यापूर्वी माझ्याकडे वाराची मागणी केली, आणि मी बोटे मोडीत हिशेब करीत आहे असे पाहून स्वतःच निकाल दिला: गुरुवारी. का, म्हणून विचारले, तर म्हणाला, "गुरुवारी बाजार असतो ना, तेव्हा सगळेच बाहेर पडतात."