नमलॉकचा दिवा

दिवाळीत ताईच्या घरी गेलो होतो. भाचा म्हणाला, "मामा, गेम फ्रीझ होतोय. आठ दिवस झाले, डोकं फिरलंय." माझ्या तोंडून आपसूक निघालं, "नमलॉकचा दिवा लागतोय का?"

त्याची नजर अशी झाली, जणू बंद पडलेल्या मोटारीला हँडल मारून पाहिलंस का, असंच मी विचारलं होतं. त्याच्या कीबोर्डला नमलॉकच नाही. उजवीकडचा आकड्यांचा भाग गाळलेला आखूड कीबोर्ड आहे तो. दिवे म्हणाल तर प्रत्येक कळीखाली एक, गणपतीच्या आराशीसारखे सारखे रंग बदलणारे. पण त्यांतला एकही काही सांगत नाही.

आमच्या वेळी गेम फ्रीझ होत नसे, हँग व्हायचा. माउसचा बाण जागच्या जागी थिजला की वालचंद इंजिनिअरिंग कॉलेजात शिकणारा माझा मावसभाऊ, आमचा दादा, पहिलं वाक्य हेच बोलायचा: "दिवा बघ." मग नमलॉक दाबायचं. कोपऱ्यातला हिरवा दिवा लागला-विझला, तर आत अजून कुणीतरी जागं आहे, नुसता गेम अडकलाय. दिवा ढिम्म राहिला तर कारभार आटोपला. कारण तो दिवा कीबोर्ड स्वतःच्या अकलेनं लावत नाही. कळ दाबल्याचा निरोप आत जातो, आतून 'लाव' असा हुकूम परत येतो, तेव्हा तो लागतो. नाडी बघण्याइतकी साधी तपासणी. नाडी लागली तर कंट्रोल-ऑल्ट-डिलीट. आयबीएमच्या डेव्हिड ब्रॅडली या इंजिनिअरनं १९८१ च्या पीसीसाठी हे त्रिकूट जमवलं, आणि एका हातानं चुकून दाबलं जाऊ नये म्हणून कळा मुद्दाम लांबलांबच्या निवडल्या. तेव्हा हे ठाऊक नव्हतं. एवढंच माहीत होतं की दोन्ही हात लागतात, आणि दोन्ही हात एकदम लावले की काहीतरी गंभीर चाललंय असं वाटतं.

कॉम्प्युटर आमच्याकडे सांगलीत १९९८ च्या डिसेंबरात आला. असेंबल केलेला. पेंटियम एमएमएक्स, ३२ एमबी रॅम, चौदा इंची रंगीत मॉनिटर. बाबांनी 'मुलांच्या शिक्षणासाठी' म्हणून घेतला आणि पहिल्याच आठवड्यात त्यात रोड रॅश आला. तो कुणी टाकला हे दादाला ठाऊक, आणि बाबांनी कधी विचारलं नाही.

त्याआधीची ओळख शाळेतली. दारावर 'संगणक कक्ष' अशी पाटी, खिडक्यांना जाड पडदे, आणि चपला बाहेर. धुळीनं मशीन बिघडतं म्हणायचे. आम्हाला ते देवळासारखं वाटायचं, आणि सरांचीही त्याला हरकत नसावी. आत डॉस. मशीनमध्ये चार एमबी मेमरी असली तरी डॉसच्या प्रोग्रामला सरळ वापरता यायची ती पहिली ६४० केबी, आणि त्यातही माउसचा, सीडीचा, आवाजाचा ड्रायव्हर आधीच ऐसपैस मांडी घालून बसलेले. लांबच्या प्रवासात बाकावरच्या माणसांना 'जरा सरकून घ्या' म्हणतात, तसं कॉन्फिग डॉट सिस नावाच्या फाइलमध्ये एकेक ओळ लिहून त्यांना वरच्या मेमरीत सरकवायचं, मग गेमला बूड टेकायला जागा. साउंड कार्ड कुठं राहतं तेही गेमला सांगावं लागे: पत्ता २२०, आयआरक्यू ५, डीएमए १. पाचाऐवजी सात लिहिलं तर ती वहिवाटीनं प्रिंटरची वाट. बंदुकीचा पहिला बार वाजण्याआधीच पडदा गार.

प्रिन्स ऑफ पर्शिया तिथंच खेळलो. त्या गेमला साठ मिनिटांची मुदत. तेवढ्यात राजकन्या सोडवायची, नाहीतर संपलं. पन्नासाव्या मिनिटाला मशीन हँग झालं की जे वाटायचं ते दहावीच्या निकालालाही वाटलं नाही. आणि तास पस्तीस मिनिटांचा असताना पन्नासावं मिनिट आम्ही कसं गाठायचो, ते सर अजून हयात आहेत म्हणून सांगत नाही.

तर, मे १९९९. सांगलीचा मे. रोड रॅश हँग व्हायला लागला. मोटारसायकल हवेत, दुसऱ्या गाडीवरच्याला मारायला उगारलेली साखळी तशीच वर, आणि स्पीकरमधून 'टर्र-टर्र-टर्र-टर्र' असा एकच तुकडा अखंड. तो आवाज ज्यानं ऐकलाय त्याच्या पोटात अजून गोळा येईल. प्रोसेसर कधीच गार झालेला असतो, पण साउंड कार्डाला ते कुणी कळवलेलं नसतं. मेमरीतल्या ठरलेल्या तुकड्यातून आवाज उचलायचा, एवढंच त्याला माहीत. नवा माल येत नाही, म्हणून ते जुनाच तुकडा फिरवत बसतं. घरचा माणूस गेल्यावरही दारात रोज पेपर पडत राहावा तसं.

निदानं भरपूर झाली. बाबा म्हणाले व्हायरस. शेजारचे काका म्हणाले, व्होल्टेज कमी येतंय, स्टॅबिलायझर घ्या. मी म्हटलं सीडीला चरा पडलाय, आणि टूथपेस्टनं ती घासून काढली. त्यानं सीडीला पेपरमिंटचा वास आला. हार्डवेअरवाल्या पोराला बोलावलं तर तो दारातूनच म्हणाला, "फॉरमॅट मारू." त्या काळी या दोन शब्दांनी न बरा होणारा रोगच नव्हता. सर्दीला काढा तसं. तो फॉरमॅट मारून गेला, रॅम काढून खोडरबरानं तिचे सोनेरी दात घासून गेला, दीडशे रुपये घेऊन गेला. संध्याकाळी गेम परत हँग.

दादानं मात्र एक वही काढली. त्याचा नियम एकच: एका वेळी एकच गोष्ट बदलायची, आणि लिहून ठेवायची. आवाज बंद करून खेळा. सीडी बाहेर काढून खेळा. माउस काढून खेळा. मिनिटं मोजायचं काम ताईकडे, कारण तिला गेममध्ये काडीचा रस नव्हता आणि म्हणून तिच्यावर विश्वास ठेवता येत होता. पान भरलं: २२, १९, २४, २२, २१. आवाज असो-नसो, सीडी असो-नसो, विसाच्या आगेमागे कारभार आटोपतोच. मग एकदा सकाळी साडेसहाला खेळून पाहिलं. एकेचाळीस मिनिटं चाललं. ताईनं आकडा लिहिला, त्याखाली दोन रेघा ओढल्या आणि म्हणाली, "मग हे गरम होत असणार."

दादानं कॅबिनेटवर तळहात ठेवला. तापलेल्या माणसाच्या कपाळावर ठेवतात तसा. वर आईनं विणलेला क्रोशाचा रुमाल, मागच्या जाळीवरून सुंदर झालरीसारखा लोंबत होता. तो उचलला. बाजूचा पत्रा खोलला. प्रोसेसरच्या डोक्यावरचा काडेपेटीहून जरा मोठा पंखा फिरत होता, पण कसा, तर उन्हात देवळाच्या ओट्यावर पेंगणाऱ्या माणसासारखा. दादानं त्याच्या मधला गोल स्टिकर नखानं उचलला, आईच्या शिवणयंत्राच्या तेलाचा एक थेंब सोडला, स्टिकर परत चिकटवला. पंखा भुणभुण करत सुटला. गेम बिचारा निर्दोष होता, विंडोज निर्दोष होतं, सीडीवर तर मी विनाकारण अर्धी ट्यूब उधळली होती. आईला मात्र रुमालाचं कारण कुणी सांगितलं नाही. तो टीव्हीवर गेला.

ही गोष्ट मी इतक्यांदा सांगितली आहे की भाच्यालाही पाठ आहे. म्हणून दिवाळीच्या दिवशी मी हातात ब्रश घेतला तेव्हा तो नुसता हसला.

त्याचं मशीन म्हणजे काचेची एक भिंत असलेला दिवाणखाना. आत सहा पंखे, सगळे रंगीत. धूळ चिक्कार निघाली, तीत मांजराचे केस. बाहेर चपला काढायची पद्धत याच्या खोलीत नाही. तासभर साफसफाई करून मी विजयी मुद्रेनं खुर्चीत बसलो, आणि अर्ध्या तासात गेम फ्रीझ. इथं माझी विद्या संपली. भाच्यानं शांतपणे समजावलं: आताचा प्रोसेसर तापला तर असा मरत नाही, तो आपला वेग आपणच कमी करतो. गेम अडखळेल, रखडेल, पण गोठणार नाही. ग्राफिक्स कार्ड अडकलं तरी विंडोज दोन सेकंद वाट बघतं आणि त्याला जागच्या जागी उठवून बसवतं. ही सोय व्हिस्टापासूनची. म्हणजे माझ्या जमान्यातले निम्मे मृत्यू आता टाळले जातात. जे उरतात ते अवघड.

त्यानं काय काय केलं होतं, ते विचारलं. यादी ऐकून मला दम लागला. गेमच्या फाइल पडताळून घेतल्या, ड्रायव्हर मुळापासून काढून नवा घातला, बायोस अपडेट केलं, विंडोज नव्यानं टाकलं (म्हणजे फॉरमॅट मारला, शब्द तेवढा बदललाय), गेम पुन्हा उतरवून घेतला. हल्लीच्या मोठ्या गेमला दीडशे जीबी जागा लागते. १.४४ एमबीच्या फ्लॉपीत भरायचं तर लाखावर फ्लॉपी लागल्या असत्या. त्यानं तो रात्रीतून दोनदा उतरवला होता.

"आणि हे सगळं एकाच रात्री?"

"हो. मग?"

मग काही नाही. एका रात्री अकरा गोष्टी बदलल्या, तर कुठल्या गोष्टीनं काय झालं हे देवालाही कळणार नाही. पण त्याला नावं ठेवताना मी जपून बोललो, कारण आमच्या त्या वहीआधी आम्हीही टूथपेस्टच लावत होतो. जुन्या काळी लोक शिस्तीनं दुरुस्त करायचे, असं जे म्हटलं जातं ते मला पटत नाही. दहातले नऊ जण कॅबिनेटला थापड मारायचे. फरक एवढाच की आमच्याकडे बदलायला चारच गोष्टी होत्या, म्हणून कंटाळून का होईना, नेम लागायचा.

एक गोष्ट मात्र आता खरंच चांगली आहे: मशीन रोजनिशी लिहितं. इव्हेंट व्ह्यूअर उघडला की सेकंदासेकंदाची नोंद. भाच्यानं लाल खुणेची ओळ दाखवली, कर्नल-पॉवर ४१. मी उत्साहानं वाचलं. अर्थ असा की मशीन रीतसर बंद न होता पुन्हा सुरू झालं. म्हणजे पंचनाम्यात लिहावं, 'मयत इसम मरण पावल्याने मृत्यू.' बटण आपणच दाबून धरलं होतं, ते त्यानं आपल्यालाच कळवलं.

एवढ्यात ताई चकल्यांची ताटली घेऊन आली. पन्नाशीकडे झुकलेली, बँकेत अधिकारी. गेममध्ये तिला अजून काडीचा रस नाही. ताटली ठेवून ती मुलाला म्हणाली, "किती मिनिटांनी बंद पडतो, लिहिलंयस का?"

त्यानं लिहिलं नव्हतं. वहीसुद्धा नव्हती. ताईनं लक्ष्मीपूजनाच्या सामानाच्या यादीची पाठकोरी बाजू दिली.

तीन वेळा खेळून पाहिलं: ३१, ८, ५५. घड्याळाशी काही नातं नाही, उष्णतेशी नाही. मग वेळेवर न चालणारं काय असतं? मेमरीत एखादा खराब कोपरा असला, तर गेम तिथं कधी जाईल याचा नेम नाही. रात्री अकराला पेनड्राइव्हवरून मेमटेस्ट लावली. हा प्रोग्राम विंडोजच्या आधी उठतो आणि मेमरीच्या एकेका घरात काहीतरी लिहून परत वाचून बघतो. साडेबाराला लाल ओळी उमटल्या. रॅमच्या दोन पट्ट्या होत्या. दोन्ही एकदम बदलू म्हणून भाचा मोबाइलवर किमती बघायला लागला, तर ताई म्हणाली, "एका वेळी एक." पहिली एकटी ठेवली, पास. दुसरी त्याच जागी एकटी ठेवली, लाल.

"मामा, वॉरंटीत आहे, देऊ परत," तो म्हणाला.

"देऊ. आधी खोडरबर आण."

"सिरियसली?"

खोडरबर ताईच्या पर्समध्ये निघालं. पट्टीचे सोनेरी दात घासले, कोरड्या फडक्यानं पुसले, खटका बसेपर्यंत दाबून बसवली. तासाभरानं एकही लाल ओळ नाही. आता हा प्रताप खोडरबराचा, की नीट घट्ट बसवण्याचा? माझा कौल घट्ट बसवण्याला. त्या हार्डवेअरवाल्या पोराच्याही निम्म्या चमत्कारांचं रहस्य तेवढंच असावं. भाच्यानं यावर मत दिलं नाही, पण खोडरबर परत पर्समध्ये गेलं नाही. ते त्यानं आपल्या टेबलावर ठेवून घेतलं.

रात्री अडीचला दोन्ही पट्ट्या लावून गेम सुरू केला. पडद्यावर कुठल्याशा पावसाळी रानातून एक घोडेस्वार दौडत होता. गवताचं पातं न् पातं वेगळं दिसत होतं. मी खुर्चीच्या दांडीला धरून उभा. ताई झोपायला जाते म्हणून उठली होती ती दारातच थांबली, भिंतीवरच्या घड्याळाकडे बघत. बराच वेळ कुणी काही बोललं नाही.

"बावीस," ती म्हणाली, आणि दिवा मालवून निघून गेली.