हस्ताचा हत्ती आणि अनुपस्थित देवी

पुण्याच्या बुधवार पेठेत नवरात्रात दोन उपासना शेजारी शेजारी नांदत आल्या. एक तांबड्या जोगेश्वरीची. ती शहराची ग्रामदेवता. तिला मंदिर आहे, नाव आहे, शेंदराचा रंग आहे. दुसरी वाड्यांच्या चौकात होत असे : पाटावर हत्तीचे चित्र, भोवती फेर धरणाऱ्या मुली, आणि शेवटी झाकलेल्या डब्यातील खिरापत ओळखण्याची चढाओढ. भोंडला किंवा हादगा या नावाने परिचित असलेल्या या विधीत देवीची मूर्ती नसते. पूजा नेमकी कोणाची, हा प्रश्न फेरातल्या मुलींना पडण्याचे कारण नव्हते. अभ्यासकाला तो टाळता येत नाही.

सूर्य सप्टेंबरच्या अखेरीस हस्त नक्षत्रात येतो. परतीचा गडगडाटी पाऊस याच सुमाराचा, आणि कोरडवाहू रब्बीची ओल बऱ्याच अंशी त्यावर अवलंबून असते. हस्त म्हणजे हात. सोंडरूपी हात असलेला तो हस्ती. भाषेनेच येथे नक्षत्र आणि प्राणी यांची गाठ घालून ठेवली आहे. श्रीसूक्तातील देवी हत्तींच्या नादाने जागी होते. ती आर्द्र आहे, कर्दमाची म्हणजे चिखलाची माता आहे. वेरूळच्या कैलास लेण्यात शिरताच समोर जी गजलक्ष्मी दिसते, तिच्यावर जल ओतणारे हत्ती हे मेघच होत. हादग्याच्या पाटावर त्या शिल्पातील हत्ती तेवढे उरले. मधली देवी दिसत नाही. ती पुढे लोपली की तिची जागा मुळातच फेर धरणाऱ्या कुमारिकांनी घेतली होती? दुसरा पर्याय अधिक ग्राह्य वाटतो. विदर्भातील भुलाबाईच्या उत्सवात मात्र शिवपार्वतीच्या मूर्ती मांडतात, त्यामुळे ही रिकामी जागा सार्वत्रिक मानता येत नाही.

पर्जन्यविधी, सुफलीकरण, मातृदेवता असा अन्वय लावला की समीक्षेचे समाधान होते. रा. चिं. ढेरे यांच्या ‘लज्जागौरी’ने (१९७८) पूर्णकुंभाचा मातृदेवतेशी असलेला संबंध उलगडून दाखविल्यानंतर नवरात्रातील घट आणि त्याखालच्या मातीत अंकुरणारे धान्य यांकडे निरागसपणे पाहणे शक्य उरले नाही. परंतु आदिबंध सापडला म्हणजे संहिता वाचून झाली, असे नव्हे. गणेशाचे आवाहन संपले की भोंडल्याची गीते बहुतांशी सासर-माहेराकडे वळतात. पावसाचा उच्चार त्यांत क्वचितच येतो.

कारल्याच्या वेलाचे गीत या दृष्टीने पुन्हा वाचण्यासारखे आहे. माहेरी जाण्याची परवानगी मागणाऱ्या सुनेपुढे सासू अट ठेवते : आधी वेल लाव. वेल लागला की कोंबाची अट, कोंबानंतर फुलाची, फुलानंतर फळाची, मग भाजीची आणि खरकटे काढण्याची. कारल्याच्या वेलाला फळ धरायला साधारण दोन महिने लागतात. म्हणजे नकाराचा शब्दही न उच्चारता सासू एक अख्खा हंगाम निभावून नेते. हस्ताच्या पावसाने जे वाढते, त्याच्याच वाढीने सुनेचा मुक्काम लांबतो. ज्या देवीची कृपा म्हणून अभ्यासक या विधीकडे पाहतात, त्या कृपेचा हिशेब येथे सासूच्या हाती गेला आहे. विधी वृष्टी मागतो आणि त्याच विधीतले गीत त्या वृष्टीची किंमत सांगते. सुफलीकरणाच्या सिद्धान्तात हा ताण बसत नाही, म्हणून बहुधा तो ‘कौटुंबिक आशय’ या सदरात ढकलला जातो.

हे गीत गाणाऱ्या मुली पूर्वी बहुधा अविवाहित असत. सासर हे त्यांच्यापुरते एक रचलेले जग होते. त्याचे कायदे त्या तेथे पाऊल ठेवण्यापूर्वी पाठ करीत होत्या, आणि तेही हसत, टाळ्यांच्या ठेक्यावर. दररोज एक गीत वाढत जाण्याची प्रथाही त्या लांबणाऱ्या अटींशी नकळत जुळते.

पेठेतील बहुतेक वाडे आता गेले. भोंडला सभागृहांत, सोसायट्यांच्या आवारांत होतो. फेरात विवाहित, नोकरी करणाऱ्या स्त्रियाही असतात. अप्पा बळवंत चौकातील दुकानांत गीतांच्या छोट्या पुस्तिका मिळतात. त्यांत गीते अनुक्रमाने छापलेली असतात. एका हातात पुस्तिका धरलेली सून, जिला कोणाची परवानगी मागावी लागलेली नाही, तेच गीत ओळीने वाचत फेर पूर्ण करते, आणि पाटावरच्या हत्तीजवळ खिरापतीचा डबा अजून बंद असतो.