तारखा देणारे नट

नाट्यव्यवसायात पैशापेक्षा महाग गोष्ट एकच, ती म्हणजे नटाची तारीख. मी नाटकांचा व्यवस्थापक. थिएटर मिळवायचं, त्याच्याशी नटांच्या तारखा जुळवायच्या, जाहिरात सोडायची, दौऱ्याची बस ठरवायची आणि प्रयोग संपला की ज्याची त्याची नाइट, म्हणजे त्या प्रयोगाचं मानधन, त्याच्या हातात ठेवायची, हे माझं काम. त्यामुळे कलावंताच्या समाजसेवेचा विषय निघाला की माझा पहिला प्रश्न असतो, ‘त्याने तारखा किती दिल्या?’ फीत कापायला अर्धा तास पुरतो. दौऱ्याला अख्खे दिवस जातात आणि त्या दिवसांचं शूटिंग सोडावं लागतं.

या कसोटीवर मला सगळ्यांत वर दिसतात ते निळू फुले आणि डॉ. श्रीराम लागू. ऐंशीच्या दशकात सामाजिक कृतज्ञता निधी उभा राहिला. त्यामागे बाबा आढाव, नरेंद्र दाभोलकर ही चळवळीतली माणसं होती, तसे हे दोन नटही होते. परिवर्तनाच्या चळवळीत पूर्णवेळ झोकून दिलेल्या कार्यकर्त्याला दरमहा मानधन मिळावं, एवढीच कल्पना. रक्कम लहान, पण ठरलेली. त्यासाठी लागू, निळूभाऊ, तनुजा अशा कलावंतांनी आचार्य अत्र्यांच्या ‘लग्नाची बेडी’चे प्रयोग केले.

या निवडीला मी व्यवसायातला माणूस म्हणून दाद देतो. चळवळीसाठी नाटक म्हटलं की समस्याप्रधान नाटकाचा मोह होतो. इथे मात्र लोकांना ठाऊक असलेलं, हसवणारं, 1936 सालचं नाटक उचललं गेलं. ‘नटसम्राट’मधले अप्पासाहेब बेलवलकर आणि ‘सामना’तले हिंदुराव पाटील एकाच विनोदी नाटकात दिसणार म्हटल्यावर कुठल्याही गावचा तिकिटांचा प्लॅन भराभर भरणार. तत्त्व निधीत होतं, रंगमंचावर निखळ करमणूक होती.

मदतनिधीच्या प्रयोगाचं गणित कडक असतं. थिएटरचं भाडं, जाहिरात, नेपथ्याचा टेम्पो, कलाकारांची बस, मुक्काम आणि जेवण, यातलं काहीच टळत नाही. बॅकस्टेजच्या माणसांची नाइट तर कापायचीच नाही, कारण त्यांची चूल तिच्यावर पेटते. मग उरतं कुठून? मोठ्या नटाने आपली नाइट सोडली तरच. त्यातही खुर्च्या मोजक्या, म्हणून तिकिटांतून येणाऱ्या पैशाला मर्यादा. पुढच्या रांगा देणगीदारांसाठी ठेवाव्या लागतात आणि देणगीदाराला हवी असते नटाची भेट. मी लावलेल्या अशा प्रयोगांत नटाचा दिवस सकाळीच सुरू होतो. एका डॉक्टरांकडे नाश्ता, अडत्याच्या पेढीवर चहा, वकिलांकडे जेवण, प्रत्येक घरी सगळ्यांसोबत फोटो. संध्याकाळी तोच माणूस मेकअपला बसतो आणि तिसरी घंटा झाली की ताज्या दमाने उभा राहतो. पैसे गोळा होतात ते या दमछाकीतून.

निळूभाऊ आणि लागू अशा कामाकडे का वळले, याचं उत्तर त्यांच्या आयुष्यात आहे. निळूभाऊ पुण्यात लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम करत. पगार 80 रुपये, त्यातले 10 रुपये राष्ट्र सेवा दलाला जात. सेवा दलाच्या कलापथकात ते घडले. त्यांच्या बाबतीत समाजकार्य आधी आलं, सिनेमा नंतर. त्यांचा ‘एक गाव बारा भानगडी’ हा सिनेमा 1968 साली आला. सत्तेचा माज पडद्यावर त्यांच्याइतका खरा कुणी दाखवला नाही. तो माज ज्यांच्या डोक्यावर बसतो त्यांच्यात ते वावरले होते, असं मला वाटतं.

लागू कान-नाक-घशाचे शल्यविशारद. 1969 साली, चाळिशी उलटल्यावर, बांधीव उत्पन्नाचा व्यवसाय सोडून ते पूर्णवेळ नट झाले. नटाचं घर नाइटवर चालतं. पाय मुरगळला की प्रयोग रद्द, आणि प्रयोग रद्द म्हणजे पैसे नाहीत. पूर्णवेळ कार्यकर्त्याचं घरही असंच महिन्याच्या भरवशाशिवाय चालतं. म्हणून या निधीतली ‘दरमहा’ ही अट मला सर्वांत मोलाची वाटते. ती अट ज्यांना सुचली आणि पटली, त्यांना अशा घरातली विवंचना आतून कळलेली होती.

लागूंनी आणखी एक गोष्ट पणाला लावली, ती म्हणजे लोकप्रियता. नट प्रेक्षकांच्या मर्जीवर जगतो. तरीही ‘देवाला रिटायर करा’ असं त्यांनी उघडपणे मांडलं आणि दाभोलकरांबरोबर जाहीर वाद-संवादाचे कार्यक्रम केले. त्याच प्रेक्षकांसमोर नाटक घेऊन जायचं असताना हे बोलायला छाती लागते. निधीसाठी नाइट सोडणं आणि विचारासाठी मर्जी सोडणं, माझ्या लेखी दोन्ही एकाच हिशेबातली दानं आहेत.

आज नटांच्या तारखा मालिकांकडे बांधलेल्या असतात, हे मी रोज अनुभवतो. तरी वर्षाकाठी एक छोटा दौरा निघू शकतो, आणि असा दौरा लावायला माझ्यासारखे व्यवस्थापक आनंदाने पुढे येतील. नटांनी नाइट सोडावी. बहुतेक नाट्यगृहं नगरपालिका-महापालिकांची आहेत, त्यांनी त्या दिवसाचं भाडं सोडावं. आणि प्रेक्षकांनी त्या दिवशी ओळखीने पास न मागता रांगेत उभं राहून तिकीट काढावं.