जीवघटिका

आमच्या घरात घड्याळे दोन. एक सोप्यातल्या भिंतीवरचे, आजोबांनी आणलेले, किल्लीचे. दुसरे आजीचे. पहिले दर आठवड्याला पाच मिनिटे मागे पडे. दुसऱ्याला किल्ली लागत नसे, कारण ते परसात उगवलेले होते.

पहाटे पारिजातकाचा सडा पडला की आजीचा दिवस सुरू होई. ऊन वर आले, चिनी गुलाब उमलले की आमची शाळेची घाई. आणि दुपार कलली की गुलबाक्षी. "गुलबाक्षी उमलली की गं, चहाचं आधण ठेव," अशी आजीची हाक स्वयंपाकघरात येई. कुंपणापलीकडच्या अव्वा त्याच फुलांना 'संजे मल्लिगे' म्हणत. फुलाच्या नावावरून दोघींचे कधी जमले नाही. चहाच्या वेळेवरून कधी बिघडले नाही. रातराणीचा वास घरात शिरला की आमची पुस्तके मिटत.

कॉलेजात आल्यावर कळले, की स्वीडनच्या लिनिअसने १७५१ साली असेच फुलांचे घड्याळ कल्पिले होते. कोणते फूल केव्हा उमलते, केव्हा मिटते, याची त्याने यादीच केली होती. आजीला लिनिअस ठाऊक नव्हता. पण अशा घड्याळावर रोजचा संसार चालवणारी आमची आजीच!

मी बारावीत असताना हे घड्याळ बिघडले. फुले वेळेवर उमलत होती, पण आजीचा मेळ चुकला. दिवसा ती पेंगे आणि मध्यरात्री उठून पांघरुणाची घडी घाली, केस विंचरी, तांब्या घेऊन तुळशीला पाणी घालायला निघे. बाबा तिला समजावून परत आणीत. आम्ही आळीपाळीने जागत होतो.

त्या रात्री पाळी माझी होती, आणि सकाळी रसायनशास्त्राचा पेपर. आजीने मला हलवले. "ऊठ गं, उजाडलं की. शाळेला उशीर होतोय." मी तशीच ताडकन उठले, भिंतीवरचे घड्याळ काढले आणि तिच्या डोळ्यांसमोर धरले. "बघ! किती वाजलेत? दोन! रात्रीचे दोन!"

आजीने घड्याळाकडे पाहिले. मग माझ्याकडे. "तुझं घड्याळ मागं पडतंय," ती म्हणाली.

मी तिला हाताला धरून अंथरुणावर बसवले, परसदाराला कुलूप लावले आणि दिवा मालवला. सकाळी पाहते तो आजी त्या बंद दारापाशीच बसलेली, मांडीवर फुलांची रिकामी परडी. पेपर मला चांगला गेला. त्याच पावसाळ्यात आजी गेली.

यंदा आमच्या सरांनी सांगितले, "जैवतंत्रज्ञानातले एखादे उपकरण कल्पा आणि वर्गात मांडा." मी घड्याळ घेतले. वाचत गेले, तसतशी थक्क होत गेले. १७२९ साली द मेराँ नावाच्या फ्रेंच खगोलशास्त्रज्ञाने लाजाळूसारखे झाड अंधारात ठेवले. तरी त्याची पाने दिवसा उघडतच राहिली. म्हणजे घड्याळ सूर्यात नव्हते, झाडातच होते! १९७१ साली कोनोप्का आणि बेंझर यांना फळमाशीत या घड्याळाचे जनुक सापडले. पुढे त्याची यंत्रणा उलगडणाऱ्या तिघांना २०१७ चे नोबेल मिळाले. माणसाचे मुख्य घड्याळ मेंदूच्या तळाशी, दोन्ही डोळ्यांच्या नसा एकमेकींना ओलांडतात त्याच्या किंचित वर, सुमारे २०,००० पेशींत असते. वार्धक्यात आणि विस्मरणाच्या आजारात त्याची लय ढिली पडते. हे वाक्य मी दोनदा वाचले.

माणसाने जीवाणूंत घड्याळ बसवल्यालाही आता बरीच वर्षे झाली. २००० साली तीन जनुकांची साखळी केली गेली: पहिल्याने दुसऱ्याला दाबायचे, दुसऱ्याने तिसऱ्याला, तिसऱ्याने पुन्हा पहिल्याला. सासू, सून आणि नणंद यांच्यासारखा हा कारभार. पण त्यातून जीवाणू लयीत उजळू-मावळू लागले. २०१७ साली तर धावत्या घोडीची जुनी चित्रमालिका जीवाणूंच्या डीएनएत उतरवून पुन्हा वाचली गेली. नवी नोंद नेहमी एकाच टोकाला जोडली जाते, म्हणून आधीचे काय आणि नंतरचे काय, हेही कळते.

या दोन्हींची सांगड घालून मी माझे उपकरण कल्पिले आणि त्याला नाव दिले 'जीवघटिका'. गोंदणाएवढा जिवंत पेशींचा ठिपका, मनगटावर. अंगातल्या मेलाटोनिनची चाहूल घेऊन तो देहाच्या दिवसा हिरवा उजळेल, देहाच्या रात्री मावळेल, आणि प्रत्येक फेरा आपल्या डीएनएत लिहून ठेवील.

सरांनी विचारले, "उपयोग काय? वेळ तर मोबाईलवर दिसते."

"औषधाची योग्य वेळ ठरवता येईल, सर. रात्रपाळीच्या कामगारांना उपयोग होईल." उत्तर बरोबर होते. गुणही मिळाले.

खरे उत्तर मी वर्गात दिले नाही. आजीच्या हातावर तुळशीवृंदावनाचे गोंदण होते. त्या जागी त्या रात्री जीवघटिका असती, तर ती लख्ख हिरवी दिसली असती. आजी खोटे बोलत नव्हती, हट्टही करत नव्हती. तिच्यापुरते उजाडले होते, आणि मी तिला भिंतीवरची वेळ दाखवत होते. मला दिसले असते, तर कदाचित मी दिवा लावून तिची वेणी घातली असती, दार उघडून तिच्याबरोबर परसात गेले असते. कदाचित. पण त्या ठिपक्यात त्या रात्रीची नोंदही राहिली असती, आणि ती वाचायचे धैर्य मला झाले असते की नाही, हे सांगवत नाही.

परवा सोप्यातले घड्याळ पुन्हा मागे पडले. "जरा पुढं घे गं," बाबा म्हणाले. मोबाईल हाताशीच होता. पण मी आधी परसात गेले. गुलबाक्षी नुकती उमलत होती. आत येऊन काटे फिरवले आणि चहाचे आधण ठेवले.