मैदानावरचे मामा

१५ जुलै. कबड्डीमहर्षी बुवा साळवी यांचा हा जन्मदिवस महाराष्ट्रात कबड्डी दिन म्हणून साजरा होतो. मला मात्र आज सकाळपासून आमच्या कॉलेजच्या मैदानावरचे मामा आठवताहेत.

हुद्दा शिपायाचा, पण जीव मैदानात. माती चाळून, पाणी मारून, रोलर फिरवून झाला की मामा चपला काढायचे आणि अनवाणी सगळं मैदान पालथं घालायचे. तळव्याला खडा टोचला की तिथंच उकिडवे बसून तो उचलायचे. "माझ्या पायाला लागला तर चालंल, पोरांच्या गुडघ्याला नको," म्हणायचे. मग खिळे ठोकून सुतळी ताणायची. १३ बाय १० मीटर. दोन्ही कर्ण सारखे भरल्याशिवाय फक्कीला हात लावायचा नाही.

सामन्यात सात जण मैदानात, पाच बाहेर. मामा त्या पाचांजवळ, हातात बर्फाची पिशवी आणि लिंबू-सरबताची कळशी. हरून आलो तेव्हा आधी पाठीवर पडला तो त्यांचाच हात.

संघाच्या एकाही फोटोत मामा नाहीत. फोटो काढताना ते गुडघ्यांचे पट्टे गोळा करत असत. त्यांना बोलवायचं आम्हाला सुचलं नाही, ही चूक आमचीच.

आता मॅट आली, फक्की गेली. पण ती मॅट अंथरणारा, पुसणारा कुणीतरी असतोच. खेळाडूंनो, यंदाच्या फोटोत त्याला मधोमध उभं करा.